पदर घेतलेली गौर

वृंदा,

तू कपडे वाळत घालायला गेलीस आणि परत आली नाहीस. हे वाक्य मी आता कितीतरी जणांना फोनवर सांगितलं आहे, मराठीत आणि इंग्रजीत, आणि प्रत्येक जण विचारतो, "म्हणजे काय?" म्हणजे काय ते मलाही अजून कळलेलं नाही. पुढचा प्रश्न ठरलेला असतो, "कोविड?" नाही म्हटलं की समोरचा माणूस पुन्हा विचारतो, "नक्की?" या दीड वर्षात दुसऱ्या कशाने मरायची पद्धतच राहिली नव्हती जणू. डोक्यातली रक्तवाहिनी, असं मी सांगते. डॉक्टरांनी तुझ्या नवऱ्याला, शेखरला, जे सांगितलं तेच शब्द, त्याच क्रमाने. मी तुझी व्यवस्थित मैत्रीण आहे. माझ्या सांगण्यात चूक होत नाही.

तुझा शेवटचा मेसेज त्या दुपारचा आहे. "एक्सेल, तू अथेना नाहीसच. आज पुराव्यानिशी सिद्ध करणार आहे. मशीन थांबलंय, कपडे वाळत घालून येते आणि फोन करते." मी कामाच्या मीटिंगमध्ये होते. मी उत्तरादाखल अंगठा पाठवला. इतक्या वर्षांची आपली मैत्री, रोजची भांडणं, आणि माझं तुला शेवटचं उत्तर म्हणजे एक पिवळा अंगठा.

तुझ्या लेकीचा, ईशाचा फोन आला तेव्हा मी धावत आले, मास्क विसरून. अँब्युलन्स तुला घेऊन निघाली होती आणि शेखर गाडीत बसत होता. मागच्या अंगणात तुझी बादली होती. अर्धे कपडे दोरीवर, अर्धे बादलीत, ओले. चिमट्यांची पिशवी गवतावर उपडी झालेली. मी काय केलं असेल सांग. उरलेले कपडे वाळत घातले. शेखरचे शर्ट उलटे, खांद्यावर चिमट्याची खूण पडू नये म्हणून. तूच शिकवलेल्या पद्धतीने. वारा चांगला होता. संध्याकाळी ते कडकडीत वाळले होते आणि तू नव्हतीस.

*

तुम्ही परदेशात, शहराच्या या टोकाला, पॉइंट कुकात आलात तेव्हा आपल्या रस्त्यावरचे निम्मे प्लॉट रिकामे होते. नव्या घरांना रंगाचा वास यायचा आणि समुद्रावरचा वारा कुठेही न अडता थेट घरात शिरायचा. मी तुमच्या दारात आले ती हातात एक छापील यादी घेऊन: डॉक्टर, शाळा, फ्रीवेला लागायची बरी वेळ, स्टेशनावर पार्किंग किती वाजेपर्यंत मिळतं, कुठल्या दुकानातली तूरडाळ शिजत नाही. आणि एका वाटीत विरजण. तू यादी वरपासून खालपर्यंत वाचलीस आणि शेखरला हाक मारलीस, "अरे, बाहेर ये. शेजारीण नाही, एक्सेल शीट आलीय." ते नाव मला कायमचं चिकटलं. वाटी तू परत केलीस तेव्हा तिच्यात साखर होती. रिकामी वाटी परत द्यायची नसते हे न सांगता कळणारी बाई मिळाली, म्हणून मी त्या दिवशी निर्धास्त झाले होते.

देव मात्र पहिल्या लॉकडाउनमध्ये आले. तुझं फिजिओचं क्लिनिक बंद. रविवारच्या मराठी वर्गाच्या पोरांना स्क्रीनवर गोष्टी सांगायचं काम तू घेतलंस. गणपती झाला, कृष्ण झाला, मग एका कार्ट्याने विचारलं, "व्हू वुड विन, इंद्र ऑर झ्यूस?" तुला झ्यूस नीट माहीत नव्हता. हे तुला फार लागलं. पुढच्या आठवड्यापर्यंत तू लायब्ररीतून फोनवर मिळतील तेवढी पुस्तकं उतरवून घेतलीस आणि मला फोन केलास.

"निकाल लागला. इंद्र हरेल."

"का गं?"

"दोघांच्या हातात वज्र. दोघांची नजर सारखीच वाईट. पण इंद्राचं सिंहासन कोणीही तप केलं की डुगडुगतं. झ्यूसचं नाही डुगडुगत."

"हे तू पोरांना सांगणार आहेस?"

"नजरेचं सोडून."

मग तू थांबलीच नाहीस. आम्हा सगळ्यांना तू देव वाटून टाकलेस. शेखर कायम गॅरेजमध्ये सोल्डरिंग करत बसलेला, म्हणून तो लोहार देव हेफेस्टस. ईशा खोलीचं दार लावून बसायची आणि आत कोणी गेलं की भडकायची, म्हणून कुणाला जवळ येऊ न देणारी आर्टेमिस. पार्सल घेऊन येणारा प्रत्येक माणूस हर्मीस. डोअरबेल वाजली की घरातून तुझा आवाज यायचा, "हर्मीस आला! तांदूळ असतील!" तूच एकदा हसत हसत सांगितलं होतंस, की निरोप आणणारा आणि मेलेल्या माणसाला पाताळापर्यंत पोचवणारा हा एकच देव आहे. "काटकसरी लोक. दोन्ही कामांना एकच माणूस."

मला तू हेस्तिया केलंस. मी आनंदाने विचारलं, ही कोण? तू म्हणालीस, चुलीची देवी. मग मी स्वतः वाचलं आणि चिडून फोन केला.

"वृंदा, हिच्या नावावर एकही गोष्ट नाही."

"नाहीच."

"एकही लढाई नाही. शाप नाही, वर नाही. बाकीचे सगळे पृथ्वीभर भानगडी करत फिरतात आणि ही घरात बसलेली."

"बरोब्बर."

"मी अथेना आहे. युद्धाचं प्लॅनिंग, विणकाम, शहराची व्यवस्था, सगळं तिच्याकडे. जन्मालाच आली ती चिलखत घालून, पूर्ण तयारीनिशी. माझं वर्णन आहे ते."

"अथेनाला फार पुढे पुढे करायची सवय आहे."

"म्हणजे?"

"म्हणजे काही नाही. तू हेस्तिया. का ते नंतर सांगेन."

हे 'नंतर' वर्षभर चाललं. मी भाजी चिरताना, तू पेशंटच्या फायली लावताना, आपण रोज यावर भांडलो. तू कारण सांगायची नाहीस आणि मी मान्य करायची नाही. खरं सांगू? घराबाहेर पडायला तासाचा हिशेब आणि पाच किलोमीटरचं वर्तुळ, अशा त्या दिवसांत भांडायला एवढा निरुपद्रवी विषय दुसरा नव्हता. मी सकाळी उठायची ती नवीन मुद्दा घेऊन.

*

त्या वर्षी तुझ्या गौरींचे मुखवटे पुण्याला होते. डिसेंबरात तू ते रंगवून घ्यायला नेले होतेस आणि तुझी आई, आपल्या माई, एप्रिलमध्ये येताना ते घेऊन येणार होत्या. मार्चमध्ये सीमा बंद झाल्या. मुखवटे पुण्यात राहिले, माईही पुण्यात.

मी तुला उपाय सुचवला होता, हे लक्षात असू दे. आमच्याकडे खड्यांच्या गौरी असतात. म्हटलं, बीचवर जा, चांगले पाच खडे उचल, धू, पूज. वर्तुळाच्या आत आहे, नियमात बसतं. तू म्हणालीस, "आमच्याकडे उभ्या असतात. मी माझ्या लेकींना बसवणार नाही."

आणि मग कुंपणापलीकडच्या मारिया आजींनी प्लास्टरची दोन डोकी टाकून द्यायला बाहेर ठेवली. त्यांचं जुनं घर विकून मुलाने त्यांना इथे आणलं, तेव्हा त्यांच्या बागेतलं कारंजंही आलं होतं आणि कारंज्याशेजारचे प्लास्टरचे पुतळेही. मुलाला अंगण मोकळं हवं होतं. तू दोन डोक्यांकडे बोट दाखवून विचारलंस, या कोण? आजी हात उडवत म्हणाल्या, "टेक, टेक. नो गॉड. गार्डन."

एकीच्या डोक्यावर मुकुट होता. दुसरीच्या डोक्यावरून मागे सोडलेलं वस्त्र, अगदी कपाळापर्यंत. तू रात्रभर पुस्तकं चाळून निष्कर्ष काढलास: मुकुटवाली म्हणजे झ्यूसची बायको हेरा, वस्त्रवाली हेस्तिया. सख्ख्या बहिणी. हेस्तिया थोरली, हेरा धाकटी. ज्येष्ठा आणि कनिष्ठा.

मी माझ्या फिरण्याच्या तासात तुझ्या खिडकीबाहेर उभी राहिले. आत यायची परवानगी नव्हती. तू काचेपलीकडे, कानाला फोन. मागे त्या दोघी, तुझ्या पैठण्या नेसून, नाकाला नथी अडकवून.

"वृंदा, ही कोण आहे?"

"गौर."

"ही गौर नाही. ही मारिया आजींच्या कारंज्याशेजारची बाई आहे."

"होती. आता हळदकुंकू लागलंय."

"हिचं लग्नच झालेलं नाही असं तूच सांगितलंस. मंगळसूत्र कसं घातलंस?"

"नीट बघ. मंगळसूत्र हेराला आहे. हिच्या गळ्यात मोहनमाळ. मी काय वेडी आहे?" मग तू पुढे होऊन तिचं तोंड माझ्याकडे वळवलंस. "आणि हा पदर बघ की. आपल्या गौरींना पिना लावून दमतो आपण. ही पदर घेऊनच आलीय."

टॅबवर माई होत्या, पुण्याहून. त्यांनी खरे मुखवटे तिकडे उभे केले होते. म्हणाल्या, "माझ्याकडे दोघी आल्यात गं. तुझ्याकडच्या कोण?" तू म्हणालीस, "माई, त्या देशात राहिल्या, या परदेशी गेलेल्या." माई हसल्या. मारिया आजी त्यांच्या अंगणातून खिडकीत डोकावल्या, आधी छातीवर क्रूस केला आणि मग म्हणाल्या, "व्हेरी नाइस. व्हॉट यू फीड हर?" तू त्यांना कुंपणावरून पुरणपोळी दिलीस. मलाही, लेटरबॉक्सच्या खांबावर डबा ठेवून. मी पोळी खाल्ली. देवींना नमस्कार केला नाही. शोभेच्या सामानाला मी नमस्कार करत नाही, असं मी तुला तिथेच सांगितलं आणि तू म्हणालीस, "नको करूस. स्वतःलाच कोण नमस्कार करतं?"

खरं भांडण तिसऱ्या दिवशी झालं. हेराला तू अक्षता वाहिल्यास, दही ठेवलंस, निरोप दिलास. पदरवालीला नाही. तिची साडी उतरवलीस आणि तिला उचलून स्वयंपाकघरात नेलंस, गॅसशेजारच्या खिडकीत ठेवलंस.

"निरोप राहिला," मी फोनवर म्हटलं.

"हिला निरोप नाही. ही घर सोडतच नाही. बाकीचे देव भटकतात, ही चुलीपाशी असते. हीच तर हिची सगळी गोष्ट आहे."

"मग ती गौर नव्हे. गौर येते, जेवते, जाते. जाणं हा त्यातलाच भाग आहे. निरोप दिला नाही तर पुढच्या वर्षी ती येणार कुठून?"

"गेलीच नाही तर यायला कशाला लागेल?"

"नियम असतो वृंदा."

"तुझा नियम जाणाऱ्यांसाठी आहे. राहणाऱ्यांसाठी पण काहीतरी असेल की."

ती वर्षभर तुझ्या गॅसजवळ राहिली. फोडणीचे शिंतोडे उडून तिचा पदर पिवळसर झाला. मी आले की मुद्दाम म्हणायची, "पाहुण्या अजून आहेत वाटतं?" आणि तू आमटी ढवळत म्हणायचीस, "पाहुणी तू आहेस."

*

अंत्यविधीला दहा माणसं. तेवढीच परवानगी. शेखर दारात उभा होता, मी अंगणात, मधे नियमाचं अंतर. तो म्हणाला, "नीलिमा, यादी तू कर. मला नाही जमणार."

मी घरी येऊन लिहायला बसले. शेखर. ईशा. मग पेन आपोआप पुढे गेलं आणि मी लिहिलं, वृंदा. कुठल्याही कार्यक्रमाच्या यादीत तुझं नाव असतंच. वाढायला, खुर्च्या मांडायला, हसायला. मी त्या नावाकडे किती वेळ पाहत होते मला माहीत नाही. ते खोडलं. आयुष्यात पहिल्यांदा मी यादीतलं एक नाव खोडताना काम झाल्याचं समाधान वाटलं नाही.

शेखरचा भाऊ सिडनीला. राज्यांची सीमा बंद. माई पुण्याला, स्क्रीनवर. मी टॅब उंच धरून उभी होते, त्यांना तू दिसावीस म्हणून. हात भरून आला, पण दुसऱ्या कुणाच्या हातात मला तो द्यायचा नव्हता. मधेच माईंचा आवाज आला, "नीलू, जरा डावीकडे कर गं. तिचा चेहरा कापला जातोय." मी डावीकडे केला. चेहरा ठीक होता, वृंदा. कपाळावर आठीसुद्धा नव्हती. मला सारखं वाटत होतं की तू आत्ता डोळे उघडून म्हणशील, "बघितलंस? फसलीस."

काळी गाडी आपल्या रस्त्यावर थांबली तेव्हा सगळे आपापल्या दारात उभे होते, मास्क लावून. मारिया आजींच्या हातात मेणबत्ती होती, वाऱ्याने विझलेली. त्यांना ते कळलं नव्हतं. गाडी चालवणारा माणूस खाली उतरला, हातात क्लिपबोर्ड, त्याने शेखरचं नाव विचारून सही घेतली. पार्सलवाले घेतात तशीच. आणि माझ्या मनात सरळ, स्वच्छ, तुझ्याच आवाजात आलं: हर्मीस आला. मी हसले. अंत्ययात्रेत, टॅब हातात धरून, तोंडावर मास्क होता म्हणून बरं. हसताना मला कळलं की हे मी जिला सांगणार होते ती त्या गाडीत आहे.

हातावर दही न ठेवता तू घरातून कुणाला बाहेर जाऊ दिलं नाहीस. ईशाची परीक्षा, शेखरचा इंटरव्ह्यू, माझं गुडघ्याचं ऑपरेशन. "मला मीटिंगला उशीर होतोय" म्हटलं तर गाडीपर्यंत वाटी घेऊन यायचीस. तुला मात्र कुणी दिलं नाही. तू अंगणापर्यंतच चालली होतीस ना. अंगणापर्यंत जाणाऱ्याला कोण दही देतं?

*

ईशा नंतर दोनेक दिवसांनी आली. तुमच्याकडे यंदा सण नाही, हे उघडच होतं. ती फाटकाबाहेर थांबली. हातात कपड्यांची मोठी बास्केट, त्यात टॉवेलमध्ये गुंडाळलेली दोन डोकी, आणि वर स्टीलची झाकणाची वाटी.

"नीलूमावशी, बाबा म्हणतात, कॅन यू टेक देम धिस इयर? आमच्याकडे नाही चालणार ना. आणि आजी म्हणाली की एकदा उभ्या केल्या की चुकवायचं नसतं."

माई असं म्हणाल्या म्हणजे विषय संपला. मी बास्केट घेतली. "आणि ही वाटी?"

"दही. आईने आदल्या रात्री लावलेलं. आम्ही नाही खाऊ शकत, मावशी. वी जस्ट कान्ट. पण टाकवत पण नाही."

मला एकदम आठवलं, माझ्याकडे विरजण नव्हतं. ज्या दिवशी तू गेलीस त्या दिवसापासून मी दही लावलंच नव्हतं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा माझ्या फ्रिजमधलं विरजण संपलं होतं आणि माझ्या लक्षातही आलं नव्हतं. ईशाला मी तेच म्हटलं, काहीतरी बोलायचं म्हणून.

ती मास्कमागे रडत होती बहुतेक, पण डोळे हसले. "सी? आईचा पुरावा."

"कसला पुरावा?"

"हेस्तियाचा. तिने तुला सांगितलं नाही? त्या दिवशी सांगणार होती. सकाळपासून खूश होती, आज एक्सेलला हरवते म्हणून." ईशाने बाहीने नाक पुसलं. "ग्रीक लोक दूर कुठेतरी नवीन गाव वसवायला निघाले ना, की जुन्या गावातल्या हेस्तियाच्या चुलीतला विस्तव बरोबर न्यायचे. नवीन गावातली चूल त्यानेच पेटवायची. आई म्हणाली, पॉइंट कुकात कोणी नवीन आलं की विरजण कोण देतं? अर्ध्या एस्टेटचं दही नीलूमावशीचं आहे. शी सेड, दॅट्स द फायर."

मी वाटीचं झाकण दाबून बसवलं.

"आणि अजून एक. त्यांच्या जेवणात पहिला वाटा हेस्तियाला आणि शेवटचा पण तिलाच. आई म्हणाली, आपल्याकडे पार्टीला सगळ्यात आधी कोण येतं आणि भांडी पुसून सगळ्यात शेवटी कोण जातं? केस क्लोज्ड, म्हणाली."

"मग वर्षभर सांगितलं का नाही?"

"शी सेड यू वुड गेट अ बिग हेड."

आम्ही दोघी हसलो, फाटकाच्या दोन बाजूंना. मग ईशा म्हणाली, "मावशी, मी आता जाऊ?" आणि मला तिला जवळ घेता आलं नाही. नियम होता. मी तो पाळला. तो पाळल्याचं मला आज फार आश्चर्य वाटतं.

*

तर यंदा त्या माझ्याकडे उभ्या राहिल्या. खड्यांच्या घरात उभ्या गौरी. आमच्या सासूबाईंना कळलं तर ठाण्याहून फोन येईल. मी तांदळाची दोन डबडी एकावर एक ठेवून धड केलं, हँगर लावून खांदे केले, मापं घेऊन साड्या नेसवल्या. पदरवालीचा फोडणीचा पिवळेपणा मी ओल्या फडक्याने पुसायला घेतला आणि अर्ध्यात थांबले. तुझ्या हातच्या फोडणीचे डाग आता नवीन पडणार नव्हते. ते तसेच ठेवले.

घरात आणताना विचारायला कुणी हवं असतं. नवऱ्याला, नितीनला मी तयार केलं होतं, पण तो बिचारा उंबऱ्यापाशी उभा राहिला आणि त्याला शब्द सापडेना. तेवढ्यात टेबलावरच्या फोनमधून माईंचा आवाज आला, खणखणीत, लेक गेलेल्या बाईचा वाटणार नाही असा. "कोण आलंय दारात?"

"गौर आली, माई."

"कशाच्या पावलांनी आली?"

"सोन्यारुप्याच्या पावलांनी."

"येऊ दे. सगळं घर दाखव तिला."

मी दाखवलं. ही बैठकीची खोली, ही झोपायची, हे माझं ऑफिस म्हणजे इस्त्रीचं टेबल. स्वयंपाकघरात पदरवाली हातात जड झाली. मी म्हटलं, हे तुला माहीत आहे.

आज तिसरा दिवस. दुपारी मी ताट केलं, अक्षता घेतल्या, दहीपोह्यांची शिदोरी बांधली. दही तू लावलेल्या दह्यातलंच, माझ्याकडे पुन्हा लावून वाढलेलं. हेराला अक्षता वाहिल्या. पुनरागमनाय च. मुखवटा टॉवेलमध्ये गुंडाळला, खोक्यात ठेवला, वर नाव घातलं. सगळं रीतसर.

मग पदरवालीसमोर आले. मूठभर अक्षता हातात, आणि हात हवेत राहिला. वर्षभर मी तुझ्याशी याच क्षणासाठी भांडले होते. निरोप द्यायचा असतो. जाणं हा त्यातलाच भाग आहे. माझा मुद्दा बरोबर होता, वृंदा, आजही बरोबर आहे. पण हात खाली येईना.

माई फोनवर होत्या. म्हणाल्या, "काय झालं गं? नीलू?"

"माई, हिला निरोप द्यायचा की नाही?"

पुण्यात कुठेतरी प्रेशर कुकरची शिट्टी झाली. मग म्हणाल्या, "बाळा, मी माझ्या पोरीला स्क्रीनवर निरोप दिला. तिच्या अंगावरून हात फिरवला नाही. मला काय विचारतेस नियम? जी राहू शकते तिला राहू दे."

मी अक्षता ताटात ठेवल्या. साडी उतरवली, घडी घातली. तिला उचलून गॅसशेजारच्या खिडकीत ठेवलं. आमच्या खिडकीतून खाडीकडचं आकाश दिसतं, तुमच्याकडून फक्त कुंपण दिसायचं. बदल आवडेल तिला. जेवणाचा पहिला घास तिच्यासमोर ठेवला. भांडी घासून झाल्यावर शेवटचा. मान्य केलेलं नाही मी काहीच. अथेनाचा दावा कायम आहे, पुरावा अपुरा आहे, आणि तू स्वतः येऊन बाजू मांडली नाहीस, त्यामुळे केस क्लोज्ड वगैरे काही नाही. पण ती राहिली.

आता तुझं. ती राहते, पण तू गेली आहेस, हे मला कळायला पाहिजे. अजून दार वाजलं की वाटतं तूच. अजून एखादा मुद्दा सुचला की हात फोनकडे जातो. तुला कुणी निरोप दिला नाही. मी तर अंगठा दिला. ते असं राहू देणं मला जमत नाही, तुला माहीत आहे.

म्हणून आत्ता, दही लावून झालं. दोन वाट्या लावल्या. एक उद्या शेखर आणि ईशाच्या लेटरबॉक्सवर जाईल, त्यांना खावंसं वाटेल तेव्हा खातील. जुन्या वाटीच्या तळाशी चमचाभर उरलंय, तू लावलेल्यातलं. ते मी घेऊन तुझ्या मागच्या अंगणाच्या कुंपणाशी आले आहे. दोरी रिकामी आहे. चिमट्यांची पिशवी मी परत टांगली.

हात पुढे कर, वृंदा. दही घे.

ये आता.